डोळा नसलेला मासा

त्या खोलीत मोठ्यानं बोलायचं नाही, असा रिवाज होता. तो कुणी पाडला ते कुणाला आठवत नव्हतं. भिंतीवर पाटी नव्हती, मोठ्या बाईंचा हुकूमही नव्हता. पण दार ढकलून आत पाऊल टाकलं की माणसाचा आवाज आपोआप पायरी उतरायचा. कोपऱ्यात एक लांबट पत्र्याची पेटी होती. पेटीत कोमट पाणी, पाण्यात गळ्यापर्यंत बुडालेल्या काचेच्या बाटल्या, आणि त्या सगळ्या एका लयीत डुलत असायच्या. वर काळं फडकं, उजेड लागू नये म्हणून. कुणी नवखा आला आणि खाकरला, की रंग खरवडणाऱ्या बायकांपैकी एखादी ओठावर बोट ठेवायची. "हळू. बाळ झोपलंय."

बाळ म्हणजे नुसतं पोट. लेकराच्या पोटात असतं तितकंच आंबट पाणी त्या बाटल्यांत, आणि लेकराच्या अंगाला असते तितकीच ऊब त्याला. त्यात खेळण्याच्या रंगाची पूड टाकायची आणि झोके द्यायचे. पोरगं खेळणं तोंडात घालणार, रंग पोटात जाणार, मग त्या रंगातून काय काय सुटतं ते खऱ्या लेकराला थोडंच विचारता येतं? म्हणून हे काचेचं लेकरू. झोके झाले की त्याला गुमान निजू द्यायचं, आणि मग ते पाणी गाळून पलीकडच्या खोलीतल्या यंत्राला पाजायचं. शिसं आहे का, आहे तर किती, ते यंत्र सांगायचं.

त्या लेकराला भरवायचं काम खरवडमावशीचं.

हे काही तिचं खरं नाव नव्हे, पण खरं नाव आता तिच्या नवऱ्याच्याही जिभेवर पटकन येत नसे. माहेरी दूध आटवायचा धंदा होता. तिथं मोठमोठ्या कढयांच्या बुडाला धरलेली साय पोरीबाळींनी खरवडायची. जोर कमी पडला तर साय निघत नाही, जास्त झाला तर काळं निघतं आणि सगळा घाणाच कडू होतो. ते हाताला बसलं ते बसलंच. लग्न होऊन इकडं आली, या तपासणीच्या इमारतीत झाडलोट करायला लागली, आणि एक दिवस एका खरवडणारीला दिवस गेले म्हणून तिच्या जागी मावशीच्या हातात पातं आलं. ती बाई परत आली नाही, आणि मावशीच्या हातातलं पातं काही सुटलं नाही.

काम दिसायला सोपं. समोर पांढरा कागद, डाव्या हातात खेळणं, उजव्या हातात पातं. लाल रंग लालच्या कागदावर, निळा निळ्याच्या. रंग तेवढा निघाला पाहिजे, खालचं लाकूड नाही. बाहुलीचे गाल, गाडीची चाकं, अस्वलाचं नाक. सकाळी टेबलावर रंगीत जत्रा भरलेली असायची आणि दुपारपर्यंत सगळी मंडळी बोडकी, उघडीनागडी, एका टोपल्यात. मावशी मात्र असल्या वेळी फार लांब गेलेली असायची. पात्याचा खर्र खर्र आवाज, पाण्यातल्या बाटल्यांचं डुबुक डुबुक, खिडकीच्या गजांची जमिनीवर सरकणारी सावली. तिला वाटायचं आपण खरवडत नाही, खेळण्यांच्या अंगावरून कुणीतरी दिलेली स्वप्नं उतरवून घेतोय, तपासून परत देणार आहोत. हे असलं तिनं कधी कुणाला बोलून दाखवलं नाही. बोलली असती तर नवऱ्यानं चार दिवस पुरवून पुरवून चिडवलं असतं.

नवरा बसमध्ये कंडक्टर होता, आता घरीच. संध्याकाळी ती चप्पल काढेपर्यंत त्याचा ठरलेला प्रश्न यायचा. "काय गं कसाईणबाई, आज किती मुडदे?"

"सहा बाहुल्या अन् एक अस्वल."

"अरारा! अस्वलानं काय वाकडं केलं होतं तुझं?"

"नाक लाल होतं त्याचं. तुमच्यासारखं."

सून आतून हसायची आणि सुनेच्या कडेवरची नात, आई हसते म्हणून, आपणही हसायची. नातीला सगळे मुंगी म्हणत. जमिनीवर जे सापडेल ते उचलून तोंडात. दात येत होते, हिरड्या शिवशिवत होत्या, चमचा म्हणू नका, चपलेचा पट्टा म्हणू नका, आजोबांचा अंगठा म्हणू नका.

गल्लीत मावशीचा शब्द म्हणजे शिक्का होता. नवं खेळणं घ्यायचं तर बायका आधी तिला दाखवायच्या. "मावशी, हे चालेल का हो?" मावशी उन्हात धरून बघायची, नखानं टोकरायची, वास घ्यायची. "आमच्याकडं येऊन गेलंय हे. घ्या." नाहीतर, "ठेवून या दुकानात." दुकानदार तिला लांबून येताना बघितलं की कपाळाला हात लावायचा.

अशातच तो निळा मासा आला.

लाकडाचा, तळहाताएवढा, लेकराच्या मुठीत बसेल असा. अंग निळं, पर हिरवे, आणि दोन्ही बाजूंना एकेक शेंदरी ठिपका, तो डोळा. मावशीनं स्वतःच्या हातानं तो खरवडला. निळा भरपूर निघाला. हिरवाही पुरला. डोळा मात्र पातं लावलं तर नखाच्या कडेला अडकेल एवढासा. नियम असा की, एका खेळण्यावर एखादा रंग ठरलेल्या मापापेक्षा कमी असेल तर तो तपासायची गरज नाही, सोडून द्यायचा. मावशीनं सोडला. खरं सांगायचं तर तिला बरंच वाटलं, कारण असल्या बारीक ठिपक्यांनी डोळ्यांना पाणी येतं. निळं आणि हिरवं बाळाच्या पोटात गेलं, झोके घेऊन निजलं, आणि यंत्रानं सांगितलं, काही नाही, मासा चांगला आहे.

तो दुकानात लागल्यावर पहिला मासा मावशीनंच घेतला, मुंगीसाठी. मग इस्त्रीवाल्याच्या बायकोनं विचारलं, "मावशी, आमच्या भोपळ्याला घेऊ का हा?" भोपळ्या म्हणजे तिचा मुलगा, अंगानं भरलेला, सदा कपड्यांच्या गाठोड्यावर बसलेला. मावशी म्हणाली, "डोळे झाकून घे." तिनं घेतला. भोपळ्याच्या आत्यानं पाहिला आणि तिनंही त्याला एक आणून दिला. असं करत करत गल्लीत घरोघरी निळे मासे झाले. दुपारी उंबऱ्यावर बसलेलं कुठलंही पोर पाहा, तोंडातून निळं शेपूट बाहेर.

एका सुट्टीच्या दुपारी मावशी जेवून आडवी झाली होती. पंखा गरगरत होता, पडद्यातून पिवळट उजेड झिरपत होता, शेजारी मुंगी लोळत होती. मावशीचा डोळा लागला आणि ती बाटलीच्या आत गेली. कोमट, आंबट पाणी. वर काळं फडकं. सगळं हळूहळू डुलतंय, आणि तिलाही बरं वाटतंय, जणू आईच्या मांडीवर. मग पाण्यातून एक निळा मासा आला. तिच्या गालाला घासून गेला, परत आला, भिंतीवर आपटला, पुन्हा वळला. त्याला दिसत नव्हतं. मावशी म्हणाली, "अरे, नीट बघून जा की." मासा म्हणाला, "कशानं बघू? डोळा तुम्हीच मोजला नाही." आणि बाहेर कुणीतरी चुपुक चुपुक करून ते सगळं पाणी पीत होतं.

ती जागी झाली. चुपुक चुपुक चालूच होतं. मुंगी तिच्याकडं बघत मासा चोखत होती, डोक्याकडून, अगदी तल्लीन होऊन. मावशीनं हसत हसत तो तोंडातून काढला, लाळ पदरानं पुसली, आणि तिचं हसू तिथंच थिजलं. डोळ्याच्या जागी पांढरं लाकूड होतं. उलटून पाहिलं. तिकडंही लाकूड. बाकी सगळा मासा शाबूत, निळ्याला ओरखडा नाही. दातांना ठिपक्याची ती फुगीर कड तेवढी सापडली होती.

"सूनबाई," तिनं हाक मारली, "हिनं डोळे खाल्ले गं माशाचे."

सून हात पुसत आली. "अहो आई, एवढासा तर ठिपका. तुम्हीच म्हणालात ना, मासा चांगला आहे?"

"मासा चांगला आहे. डोळ्याचं मला माहीत नाही."

मावशीनं मासा पदराच्या टोकात बांधून ठेवला. पिवळ्या आणि शेंदरी रंगांनी आजवर जितके दगे दिले होते तितके दुसऱ्या कुठल्या रंगानं दिले नव्हते, आणि हे तिनं टेबलावर कितीदा तरी पाहिलं होतं. आणि तरी सोडला होता.

दुसऱ्या दिवशी ती मोठ्या बाईंसमोर उभी राहिली. मोठ्या बाई म्हणजे तिथल्या मुख्य, चष्मा कायम केसांत खोवलेला आणि कायम तोच शोधत असलेल्या.

"बाई, त्या निळ्या माशाचा डोळा आपण सोडला होता."

"नियमानं सोडला होता."

"नियमानंच. पण माझी नात तेवढाच खाऊन बसली."

बाईंनी चष्मा सापडल्यासारखा डोळ्यांवर ओढला. "काय बोलताय?"

मावशीनं सगळं सांगितलं. मग घुटमळली. "मी काय म्हणते, बाई. डोळे गोळा करून आणते, आधी बाळाच्या पोटात घालून बघू. काही निघालं तर मग गल्लीत सांगू. उगाच सगळ्यांच्या तोंडचं पाणी पळवायचं, आणि निघालं काहीच नाही तर..."

"तर काय?"

"तर उद्यापासून मला कोण विचारणार? हसतील लोक."

"हसू देत की," बाई म्हणाल्या. आवाज खालीच होता, त्या खोलीतला, पण मावशीला तो फार मोठा वाटला. "यंत्र बोलेपर्यंत पोरं चोखायची थांबणार आहेत का? आज जा. मासे काढून घ्या. ज्यांनी डोळा गिळलाय त्यांना दवाखान्यात न्या, रक्त तपासायला सांगा. नातीला आधी न्या. ज्या माशांचे डोळे राहिले असतील ते माझ्याकडं आणा, ते मी बघते."

मावशीनं मान हलवली. हे तिला माहीत नव्हतं असं नाही. कुणीतरी म्हणायला हवं होतं.

मुंगीचं रक्त देऊन ती त्याच दुपारी पिशवी घेऊन गल्लीत शिरली. ऊन असं पसरलं होतं की भिंती, दोऱ्या, वाळत घातलेले कपडे, सगळं पाण्याखाली असल्यासारखं हलत होतं. प्रत्येक दारात तेच. "मासा द्या." "का हो मावशी?" "डोळ्यात खोट असेल. अजून नक्की नाही." काहींनी मुकाट्यानं दिला. एकीनं पोराच्या तोंडातून ओढला आणि पोरानं असा टाहो फोडला की तिनंच मावशीकडं रागानं बघितलं. काहींचे मासे फळीवर तसेच कोरे होते, डोळ्यांसकट. बरेचसे एका डोळ्यानं आंधळे, दुसऱ्या डोळ्यानं बघत. मावशी प्रत्येकाला हातात घेऊन उलटून बघायची आणि तिला स्वप्नातला तो मासा आठवायचा, आपटत फिरणारा.

इस्त्रीवाल्याच्या दुकानात वाफ भरली होती. तो सदऱ्याच्या बाहीवर पाणी शिंपडत होता. "या मावशी. ऐकलं मी. काय मत्स्यवेध चाललाय म्हणे?"

"चेष्टा नको बाबा. मासा कुठाय?"

भोपळ्या गाठोड्यावर बसला होता, दोन्ही मुठींत एकेक मासा, एकदा हा एकदा तो. मावशीनं दोन्ही मासे घेतले. चारही डोळे गेलेले. लाकूड इतकं स्वच्छ की जणू कधी रंग लागलाच नव्हता.

भोपळ्याची आई आतून आली. ती माशांकडं बघत राहिली. "तुम्हीच म्हणाला होतात ना मावशी, डोळे झाकून घे?"

"म्हणाले होते."

"मग आता?"

"आता दवाखान्यात चल. मी येते बरोबर."

इस्त्रीवाल्यानं इस्त्री उभी ठेवली.

दुकानदारानं उरलेलं खोकंच पुढं केलं. "घेऊन जा. अन् मावशी, एवढं करा, पुढच्या वेळी आधी डोळे बघा आणि मग गल्लीला सांगा." मावशीनं खोकं काखेला मारलं.

मग डोळे काढायचं काम. एरवी एका माशाचा डोळा म्हणजे काहीच नव्हतं, पण आता ओळीनं सगळ्यांचे डोळे. बाकीच्या खरवडणाऱ्या बायका न बोलावता खुर्च्या ओढून बसल्या. भिंगाखाली तो ठिपका भल्या मोठ्या शेंदरी तळ्यासारखा दिसायचा, आणि काठाला निळं. निळ्याचा कणही यायला नको. पातं टेकवायचं, श्वास धरायचा, कढईच्या बुडाशी धरतात तसा हात हलका धरायचा. ठिपका कधी अख्खा सुटायचा, कधी तुटायचा. पांढऱ्या कागदावर शेंदरी धूळ जमत गेली. शेवटी काट्यावर टाकली तेव्हा बाई म्हणाल्या, "पुरे. होईल एवढ्यात."

धूळ बाटलीत गेली. पेटी डुलायला लागली, वर काळं फडकं पडलं. त्या दिवशी खोलीत कुजबुजही नव्हती. मावशी पेटीजवळ स्टूल घेऊन बसली. पाण्याची ऊब तिच्या गुडघ्यांना लागत होती. तिला एकदा वाटलं फडकं उचलून बघावं, आत मुंगी आहे की भोपळ्या. मग वाटलं, आत कुणी नाहीच, नुसतं पोट आहे, ज्याला ना नाव ना आई, ज्याला दिलं ते गिळायचं आणि बोलायचं नाही. डुबुक डुबुक चालू होतं. झोके थांबले, पाणी निजलं. ती हलली नाही.

यंत्रानं सांगितलं ते बाईंनी बाहेर येऊन सांगितलं. "शिसं आहे मावशी. फार आहे."

माशाचं अंग कारखान्यात रंगवलं जायचं. डोळे मात्र बाहेर द्यायचे, बायका घरोघरी बसून काडीनं ठिपके टेकवायच्या, हाताशी जो डबा असेल त्यातून. हे नंतर कळलं. बाईंनी वर कळवलं, मासे सगळ्या दुकानांतून उचलले गेले, आणि डोळ्यासारखा एवढासा रंगही तोंडात जाणार असेल तर पुष्कळ खेळणी मागवून तपासायचा, असं त्यांनी त्या इमारतीपुरतं ठरवून टाकलं. हे सगळं चांगलंच झालं. पण मावशीचा जीव टांगणीला होता तो वेगळ्या कागदासाठी.

दवाखान्यात बाकावर बायका पोरं घेऊन बसल्या होत्या. डॉक्टरीण एकेकीला आत घेत होती. मुंगीची पाळी आली. डॉक्टरीण म्हणाली, "आजी, आहे, पण अगदी थोडं. असावं असं नाहीच, पण घाबरू नका. दूध, पालेभाज्या, फळं, नीट खाऊ घाला. काही महिन्यांनी परत बघू." मावशी बाहेर आली तेव्हा हसत होती. सून रडत आणि हसत होती. बाकावरच्या सगळ्या बायकांकडं मावशीनं बघितलं आणि तिला त्या सगळ्या छान वाटल्या.

मग आतून भोपळ्याची आई आली. कडेवर भोपळ्या, दंडाला कापूस. तिच्या चेहऱ्याकडं बघून मावशीचं हसू आपोआप गळून पडलं.

"जास्त आहे म्हणे," ती म्हणाली. "औषध लागेल की नाही ते पुन्हा रक्त बघून सांगणार. कमी होतं म्हणे हळूहळू. डोक्यावर काही परिणाम होईल का विचारलं, तर म्हणाली आत्ता कुणीच सांगू शकत नाही. लक्ष ठेवायचं." तिनं मावशीकडं बघितलंच नाही. "दोन मासे होते ना त्याच्याकडं."

"हो," मावशी म्हणाली.

त्यानंतर गल्लीत कुणी मावशीला खेळणं दाखवायला आणलं नाही. नवरासुद्धा मुडदे विचारेनासा झाला. शेवटी म्हणाला, "जाऊन बस की त्यांच्याकडं. हाकलतील तर हाकलतील."

ती कामावरून परस्पर गेली. इस्त्रीवाल्यानं मान वर केली आणि पुन्हा कापडावर झुकवली. वाफेतून वाट काढत ती आत गेली. भोपळ्याची आई पालेभाजी निवडत बसली होती. ये म्हणाली नाही, जा म्हणाली नाही. मावशी भिंतीला टेकून खाली बसली, आणि पुढ्यातली अर्धी जुडी आपल्याकडं ओढून घेतली. दोघी देठं मोडत राहिल्या. दारातून येणारा उजेड वाफेत अडकून पडला होता, कपडे दोऱ्यांवर हलत होते, बाहेर इस्त्रीचा धप्प आवाज येत होता.

मग भोपळ्या गाठोड्यावरून घसरला आणि रांगत रांगत आला. मावशीच्या गुडघ्याला धरून उभा राहिला, डुलला, सावरला. त्यानं तिचं बोट पकडलं आणि एरवी सगळं जिथं जायचं तिथं, तोंडाकडं न्यायला लागला. मावशीनं हात आखडला.

भोपळ्याच्या आईनं निवडणं थांबवलं. आज पहिल्यांदा तिनं मावशीकडं सरळ बघितलं.

"हात धुतलेत का?"

"धुतलेत. निघताना साबणानं धुतलेत."

"परत धुवा."

मावशी उठली. मोरीत जाऊन तिनं साबण घेतला, नखं एकेक करून घासली, बोटांच्या बेचक्या घासल्या, मनगटापर्यंत फेस आणला. मागं दारात भोपळ्याला कडेवर घेऊन त्याची आई उभी होती आणि बघत होती. मावशीनं तिला नीट दिसेल असे हात उजेडात धरले. मग तांब्या उचलला आणि फेस धुवून टाकायला लागली.